पाऊल मागे नेणे

मी आयुष्यात एकच घोषवाक्य तयार केलं आणि ते चुकीचं निघालं. चुकीचं निघूनही ते उत्तम चाललं आहे. मागच्याच महिन्यात कोथरूडला सिग्नलला थांबलो होतो, तेव्हा पुढच्या मोटारसायकलवाल्याच्या पाठीवर ते मला पुन्हा वाचायला मिळालं. अक्षर सुबक होतं, शुद्धलेखनाची चूक नव्हती. पुण्यात एवढं पुरतं.

मी मोडी वाचतो. पूर्वी एका संस्थेत बसून दिवसभर तेच करायचो. पुढे देशाची दारं उघडली, हिंजवडीच्या शेतांत काचेच्या इमारती उगवल्या आणि त्यांतल्या एका इमारतीत मला नोकरी लागली. मोबाइल फोनच्या पडद्यावरचे इंग्रजी शब्द मराठी करायचे, हे काम. शब्द यादीत यायचे, एकाखाली एक, मागचापुढचा संदर्भ नसलेले. 'बॅक' आला तर तो शरीराचा भाग आहे की दिशा, हे सांगायला कुणी नसे. एका फोनमध्ये आमच्याकडून मागे जायच्या बटणावर 'पाठ' असं छापून गेलं. सहा महिने लोक 'पाठ' दाबत होते. एकही तक्रार आली नाही. मराठी माणूस सोशिक आहे किंवा फोन इंग्रजीत वापरतो, एवढाच निष्कर्ष आम्ही काढला.

कंपनीच्या बसमध्ये कोथरूडहून हिंजवडीला जायला दीड तास लागायचा. माझ्या शेजारच्या सीटवर त्याच कंपनीतला एक प्रोजेक्ट मॅनेजर बसायचा. पस्तिशीचा, उत्साही, बोलका. त्याने ऐतिहासिक युद्धकलेचं पथक काढलं होतं. लाठी, भाला, तलवार, दांडपट्टा. सोमवार ते शुक्रवार संगणकासमोर बसणारी पंचवीस-तीस मुलंमुली रविवारी सकाळी कोथरूडच्या एका शाळेच्या मैदानावर घाम गाळायची. मी मोडी वाचतो हे कळल्यावर त्याला फार आनंद झाला.

"सर, आपल्याला ऑथेंटिक करायचंय सगळं. रिसर्च बेस्ड. नाहीतर काय, आजकाल कुणीही फेटा बांधतं."

तो स्वतः फेटा चांगला बांधायचा.

पथकाला शिकवणाऱ्या वस्तादांचा शोध त्यानेच लावला होता. कुठल्याशा नाटकसामानाच्या दुकानातून त्याने एक पट्टा आणला होता, लांब लवचीक पात्याचा, कोपरापर्यंत हात झाकणाऱ्या मुठीचा. त्याला जरा धार आणायला तो हडपसरच्या बाजारामागे गेला. तिथे एक म्हातारा शिंप्यांच्या आणि न्हाव्यांच्या कात्र्यांना धार लावून द्यायचा. मोठ्या कारखान्यात फिटर होता. कारखान्याने माणसं कमी केली तेव्हा स्वेच्छानिवृत्ती घेतली. स्वेच्छा कारखान्याची होती. म्हाताऱ्याने पट्टा हातात घेऊन उलटसुलट पाहिला, मूठ चढवली, गल्लीत दोन्ही बाजूंना पाहून घेतलं आणि फिरवला. आमचा मॅनेजर सांगायचा, "सर, पातं दिसेना. नुसता आवाज." धार लावायचं त्या दिवशी राहून गेलं. पुढच्या रविवारी तो वस्तादांना आणि धार लावलेल्या पट्ट्याला गाडीत घालून मैदानावर घेऊन आला.

मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा पायजमा, पांढरे कॅनव्हासचे बूट आणि दोरीने कानामागे बांधलेला चष्मा, असा एक किरकोळ माणूस मैदानाच्या कडेला उभा होता. त्याने मॅनेजरच्या तळहातावर लिंबू ठेवलं आणि म्हणाला, "हलू नका सायेब. हललात तर बोट माझं न्हाय, तुमचं जाईल." पट्टा डोक्यावरून दोनदा फिरला आणि लिंबाच्या दोन फोडी तळहातावर राहिल्या. मॅनेजर हसत होता, पण बराच वेळ त्याने मूठ मिटली नाही.

त्यांना हे वडलांनी शिकवलं होतं आणि वडलांना आजोबांनी. मॅनेजरला माहितीपत्रकासाठी घराणं हवं होतं.

"वस्ताद, आपले पूर्वज कुठल्या सरदारांकडे होते?"

"सरदार कुठलं? आजोबा गावची वेस राखायचे."

"म्हणजे किल्लेदार वगैरे?"

"म्हंजे वेशीवर बसायचे. रातीला कोण आला, कोण गेला, बघायचे. गावात राहायला जागा न्हवती आमाला, म्हणून वेशीवर."

माहितीपत्रकात 'पिढीजात संरक्षक घराणे' असं छापलं गेलं. ते खोटं नव्हतं. वस्तादांच्या घरी भिंतीवर बुद्धाची तसबीर होती, हे पथकातल्या कुणाला माहीत नव्हतं. कारण त्यांच्या घरी कुणी गेलं नव्हतं. तोवर मीही नाही.

मला ते मास्तर म्हणायचे. मी कधीच कुणाला शिकवलेलं नाही, पण जुने कागद वाचणारा माणूस त्यांच्या हिशोबाने मास्तरच.

आता, घोषवाक्य ज्यातून आलं त्या कागदाबद्दल. जुन्या बाजारात एका रद्दीवाल्याकडे मला मोडी कागदांचं एक भेंडोळं मिळालं होतं. बहुतेक मजकूर गुरांच्या आणि बांधांच्या तक्रारींचा. त्यात एक अर्धा फाटलेला बंद, म्हणजे सुटा ताव होता. त्यावर पट्टा, ढाल, डावा पाय, उजवा पाय असे शब्द दिसत होते. पट्ट्याच्या हातांचं कुणीतरी टिपण करून ठेवलं असावं. पट्ट्याच्या एकेका ठरावीक खेळीला 'हात' म्हणतात. वरचा मजकूर पाण्याने पुसट झालेला, खालचा फाटून गेलेला. फाटलेल्या कडेच्या अगदी वर एक ओळ मात्र स्वच्छ होती. 'भाऊ पाठीसी पाऊल मागे नेणे'.

मोडीत शब्द तोडत नाहीत आणि पूर्णविराम देत नाहीत. वाचणाऱ्याने आपल्या अकलेने तोडायचं असतं. माझी अक्कल पोथ्या वाचून वाढलेली. 'नेणे' दिसलं की मला आधी जुन्या मराठीतलं 'नेणे' आठवतं. नेणे म्हणजे न जाणे, जाणत नाही. मी ओळ वाचली आणि बसल्या जागी माझ्या अंगावर काटा आला. भाऊबंद पाठीशी आहेत. पाऊल मागे जाणतच नाही. कुणा अनाम पट्टेकऱ्याने कोरड्या टिपणाच्या शेवटी एक कवितेची ओळ टाकली होती, आणि ती सापडायला माझ्यासारखा वाचक जन्माला यावा लागला होता.

एरवी मी समारंभांना नावं ठेवणारा माणूस. सत्काराच्या शाली, नारळ, 'आजचा दिवस सुवर्णाक्षरांनी' वगैरेंवर माझी बारीक टिप्पणी ऐकायला बसमध्ये लोक मुद्दाम जवळ बसत. पण आपणच शोधलेल्या ओळीवर तीस माणसं टाळ्या वाजवतात तेव्हा टिप्पणी सुचत नाही. मी मैदानावर पाऊण तास भाषण दिलं. मॅनेजरचे डोळे भरून आले. पुढच्या रविवारी भगवे टी-शर्ट छापून आले. छातीवर दोन पट्टे एकमेकांत अडकवलेले आणि पाठीवर, तीन ओळींत, 'भाऊ पाठीसी / पाऊल मागे / नेणे!' उद्गारचिन्ह पथकाचं. बाकी जबाबदारी माझी.

वस्तादांनाही एक दिला. त्यांनी तो उलटा धरून, चष्मा नाकावर पुढे ओढून, बोट ठेवत वाचला. मग माझ्याकडे आले.

"मास्तर, हे कुठं घावलं तुमाला?"

"जुन्या कागदात."

"ह्यो आमचा माघारीचा हात हाय."

मी हसून म्हणालो, "वस्ताद, उलट आहे. नेणे म्हणजे न जाणणे. पाऊल मागं जायचं जाणत नाही, असं आहे ते."

"असंल. आमच्याकडं नेणे म्हंजे नेणे."

पोरं हसली. मीही हसलो. हा हशा मला अजून ऐकू येतो, आणि त्यातला माझा वेगळा ओळखता येतो.

वस्ताद मात्र हसले नाहीत. त्यांनी मूठ हातावर चढवली आणि मैदानाच्या मध्ये जाऊन उभे राहिले. "बघा," म्हणाले. पट्टा समोर फिरायला लागला आणि ते मागे चालू लागले. तोंड पुढे, चाल मागे. डावा हात कमरेमागे असा, जणू काही धरून ठेवलंय. चार पावलांवर थांबले.

"एकट्यानं न्हाय जमत. पाठीवर माणूस लागतो."

मग त्यांनी सांगितलं. लढाईत आपला माणूस पडला की त्याला पाठीवर घ्यायचं. दुश्मनाला पाठ दाखवली तर वार पाठीवरच्यावर येतो. म्हणून तोंड दुश्मनाकडे ठेवायचं, पट्टा समोर फिरवत ठेवायचा आणि मागे चालायचं. अकरा पावलं. मागे काय आहे, दगड की खड्डा, ते आपल्याला दिसत नाही. ते पाठीवरच्याला दिसतं. तो गुडघ्याने दाबून सांगतो, इकडे वळ, तिकडे वळ. अकरावं पाऊल झालं की गुडघा टेकायचा, पातं जमिनीला लावायचं आणि माणूस उतरवायचा.

"बा मला पाठीवर घ्यायचा. सात-आठ वर्साचा आसंन. समोरून हा हात मी कधी बघितलाच न्हाय. पाठीवरनंच शिकलो. असाच शिकायचा असतोय ह्यो. आधी पाठीवर बसायचं, मग पाठ द्यायची."

मग मॅनेजर समजुतीच्या सुरात म्हणाला, "वस्ताद, सुंदर आहे. पण शोमध्ये रिट्रीट नको. ॲन्युअल डेला बाहेरचे क्लायंट येणारेत. आपण एंडला सगळे पुढे चालत येऊ. पाऊल मागे नेणे, आणि धाडकन लाइट."

"लाइट लावा की. मी कुठं न्हाय म्हणतोय? पर एकाला तरी हा हात घेऊ द्या. बाकीचं लिंबू-नारळ तुमी कुठंबी शिकाल. ह्यो एकच हाय माझ्याकडं, दुसऱ्या कुणाकडं नसंल. मी गेलो की गेला." आणि मग माझ्याकडे वळून, "मास्तर, तुमी बसा पाठीवर. तुमचं वजन काय, पावशेर."

पोरं पुन्हा हसली. माझ्या हातात झेरॉक्सची फाइल होती. मी पंचेचाळीस वर्षांचा होतो. तीस इंजिनिअरांसमोर, ज्यांनी गेल्या रविवारी माझं भाषण ऐकलं होतं, एका म्हाताऱ्याच्या पाठीवर चढायचं? मी म्हणालो, "अहो, मी कसला बसतो. तरुणांपैकी कुणी बसा." तरुणांपैकी प्रत्येकाने दुसऱ्याकडे पाहिलं.

"बरं, ऱ्हाऊ द्या," वस्ताद म्हणाले. "कागद काय म्हणतो तेवढं सांगा. कागदात हाय का माघार?"

सगळे माझ्याकडे बघत होते. खरं सांगायचं तर त्या क्षणी मला ओळ दुसऱ्या तऱ्हेने ऐकू आली होती. भाऊ पाठीसी. पाठीशी उभा नव्हे, पाठीवर. पाऊल मागे नेणे. पुसटशी आली, पण आली. आणि तिच्यामागोमाग आठवले छापलेले साठ टी-शर्ट, पाऊण तासाचं भाषण, मॅनेजरचे भरलेले डोळे.

"नाही," मी म्हणालो. "कागदात माघार नाही."

पुण्यात एक अक्षर बदलून माणूस मारल्याचा इतिहास आहे. मला तेवढीही खटपट करावी लागली नाही. मी अक्षरं सगळी तीच ठेवली.

वस्तादांनी मान हलवली. वाद घातला नाही. कागदापुढे वाद घालायचा नाही, हे त्यांच्या घराण्याला किती पिढ्यांनी शिकवलं असेल कुणास ठाऊक. त्यांनी मूठ उतरवली, पातं तेलाच्या फडक्याने पुसलं आणि पोरांना त्या दिवसाचे राहिलेले लाठीचे हात नेहमीच्याच नेटाने शिकवले.

कार्यक्रम हिंजवडीत झाला, कंपनीच्या हिरवळीवर. त्याच दिवशी एथनिक डे होता, त्यामुळे नऊवारी नेसलेल्या मुली गळ्यात ओळखपत्रं घालून फिरत होत्या. धूर सोडायचं यंत्र आणलं होतं. निवेदकाने माझी ओळ तीनदा म्हटली, तिसऱ्यांदा किंचाळून. वस्तादांनी लिंबू कापलं, नारळ फोडला, टाळ्या घेतल्या आणि शेवटच्या पुढे-चालण्याच्या आधी शांतपणे कडेला जाऊन उभे राहिले. सगळे धुरातून पुढे आले. परदेशी पाहुण्यांनी उभं राहून टाळ्या वाजवल्या. मी पहिल्या रांगेत होतो. वस्ताद मला धुरामुळे दिसत नव्हते. सोयीचा धूर होता.

त्यानंतर ते आले नाहीत. मॅनेजर दोनदा गाडी घेऊन गेला; कात्र्या पुष्कळ आल्यात, असं त्याला सांगितलं गेलं. काही दिवसांनी त्याने बसमध्ये माझ्या हातात एक पिशवी दिली. "वस्तादांनी तुम्हाला द्यायला सांगितलंय." आत टी-शर्ट होता, धुतलेला, इस्त्री केलेला, नीट घडी घातलेला. चिठ्ठी नव्हती. पथकाचं काही अडलं नाही. त्यांनी इंटरनेटवर पाहून नवे हात बसवले. काही हात जपानी वाटत, पण फेटा बांधल्यावर कळत नसे.

अशी सात-आठ वर्षं गेली. मॅनेजर कंपनी बदलून बंगळूरला गेला, पथक दुसऱ्या कुणी चालवायला घेतलं, शर्ट तेच राहिले. आमच्या विभागात एक नवी मुलगी आली होती. हुशार, तोंडाने फटकळ, मराठी माध्यमातली. आम्ही चित्रं काढायच्या एका प्रोग्रॅमचे शब्द करत होतो. एखादी आकृती दुसरीच्या मागे ढकलायची, त्या आज्ञेला मराठी हवं होतं. तिने लिहिलं, 'मागे नेणे'.

मी म्हणालो, "हे बदला. घोटाळा होतो. नेणे म्हणजे जाणत नाही, असाही अर्थ आहे."

तिने खुर्ची फिरवून माझ्याकडे पाहिलं. "सर, कुणाला होतो घोटाळा?"

"वाचकाला."

"वर बघा ना. पुढे आणणे. वर उचलणे. खाली ठेवणे. मागे नेणे. सगळी यादी आहे, साधी क्रियापदं आहेत. यादीत मध्येच कोण कविता करेल?"

पलीकडच्या टेबलावरचे दोघे हसले. मीही हसल्यासारखं केलं आणि पाणी प्यायला गेलो. तिने मला नवीन काही सांगितलं नव्हतं. फक्त आता ते मोठ्याने बोललं गेलं होतं.

रविवारी सकाळी मी हडपसरला गेलो. बाजारामागची गल्ली विचारत विचारत सापडली. दारात धार लावायचं चाक होतं, त्यावर पोतं टाकलेलं. दारातच खुर्ची टाकून वस्ताद उन्हाला बसले होते. मला आधी ओळखू आले नाहीत. ते मूळचे किरकोळच, पण आता कुणीतरी त्यांना घडी घालून ठेवल्यासारखे दिसत होते. उजवा हात मांडीवर होता आणि सारखा थरथरत होता.

"या मास्तर," ते म्हणाले, जणू मी कालच गेलो होतो. सुनेला हाक मारून चहा सांगितला.

मी चहाची वाट पाहिली नाही. "वस्ताद, तुमचं बरोबर होतं. नेणे म्हणजे नेणे."

"व्हय की."

"पाठीसी म्हणजे पाठीवर. कागदात माघारच होती. तुमचाच हात होता तो."

"मग? मी काय येगळं सांगितलं हुतं?"

"मला तेव्हाच समजलं होतं," मी म्हणालो. हे वाक्य मी येताना बसमध्ये ठरवलं नव्हतं.

ते म्हणाले, "ते बी ठावं हाय. तुमी नजर खाली घातली हुती. खोटं बोलायचा सराव न्हाय तुमाला."

चहा आला. सून दारातच उभी राहिली, चाळिशीची, हातात पीठ लागलेलं. मी चहा घेतला आणि विचारलं, "आता शिकवाल?"

"कशानं? ह्यो हात कप धरत न्हाय. अन् पाठ? डॉक्टरनं बादली उचलायची न्हाय म्हणून सांगितलंय. पाठीवर कुणाला घेऊ?"

"पोरांपैकी कुणाला..."

"थोरला रिक्षा चालवतो, त्येची कंबार गेलीय. नातू म्हणतो, आजोबा व्हिडिओ काढू. आता काय काढतो व्हिडिओ? खुर्चीचा?"

मी कप खाली ठेवला. त्यानंतर जे केलं ते मी विचार करून केलं असतं तर केलं नसतं. मी त्यांच्यासमोर पाठ करून वाकलो.

"बसा."

"काय?"

"तुम्ही माझ्या पाठीवर बसा. तुम्ही म्हणाला होता ना, पाठीवरच्याला सगळं दिसतं. तुम्ही वरून सांगा."

"मास्तर, मोडाल."

"तुमचं वजन काय, पावशेर."

मागे एक कोरडा, खोकल्यासारखा आवाज आला. ते हसले होते. "अहो मामंजी, पडाल!" सून म्हणाली. "पडलो तर मास्तरावर पडंन, मऊ न्हाय पर चालंल," असं म्हणत त्यांनी माझ्या खांद्यांवर हात टाकले. सुनेने, नाइलाजाने, त्यांना मागून आधार दिला. मी उठलो. त्यांची काठी उजव्या हातात घेतली, डावा हात मागे नेऊन त्यांना धरलं. पावशेर नव्हते, पण एखाद्या भरल्या पोत्यापेक्षा खूपच कमी होते, आणि पोतं श्वास घेत नाही. ते कानाशी श्वास घेत होते. अंगाला यंत्राच्या तेलाचा वास होता, अजूनही.

"तोंड फुडं. काठी फिरवा. डोस्क्यावर नगं, समोर. आता डावं पाऊल मागं. टाच न्हाय, आधी चवडा."

मी डावं पाऊल मागे नेलं.

"एक. आता उजवं, डाव्याच्या मागं, लायनीत न्हाय, जरा बाहीर."

दोन. त्यांचा उजवा गुडघा माझ्या बरगडीत दाबला गेला. मी वळलो.

"ह्ये बघा, कळलं का? गटार हाय मागं. मला दिसतंय, तुमाला न्हाय. माझा बा म्हणायचा, तुझं डोळं, माझं पाय."

तिसऱ्या पावलाला माझी काठी तिथे लावलेल्या स्कूटरच्या आरशाला लागली. गल्लीच्या तोंडाशी एक टेम्पो येऊन थांबला आणि हॉर्न वाजवायला लागला. दोन बायका दारात येऊन बघत होत्या. चौथं पाऊल मागे न्यायचं होतं आणि ते जाईना. मी प्रयत्न केला. पाय उचलला जाई, पण मागे काय आहे या भीतीने तिथेच टेके.

"सोडा माझ्यावर, भरवसा ठिवा," ते कानात म्हणाले. मला ते जमलं नाही.

टेम्पोवाला ओरडला, "ओ काका, खेळ झाला असंल तर बाजूला व्हा!"

"बास," वस्ताद म्हणाले. "उतरवा."

मी गुडघा टेकला, ते तरी बरोबर झालं. सुनेने त्यांना उतरवून खुर्चीत बसवलं. टेम्पो गेला. मी जमिनीवरच बसून धापा टाकत होतो. ते सावकाश, एकेक शब्द तोडून म्हणाले,

"मास्तर, तुमचं पाऊल खरंच मागं नेणे."

मी शिकवलेल्या अर्थाने.

पुढच्या रविवारी येतो असं सांगून मी निघालो. पुढच्या रविवारी माझी कंबर धरली होती. त्याच्या पुढच्या रविवारी गेलो तेव्हा ते दवाखान्यात होते. तिसऱ्या आठवड्यात सुनेचा फोन आला. मी पोचलो तेव्हा अंगणात पांढऱ्या साड्या नेसलेल्या बायका बुद्धवंदना म्हणत होत्या. मीच पथकाला कळवलं होतं. त्यांतली दहा-बारा मुलं आली, भगवे शर्ट घालून, मनापासून. आपण कुठे आलो आहोत हे त्यांना दारातच कळलं आणि ती गोंधळून एका बाजूला उभी राहिली. एकाने घोषणा द्यायला तोंड उघडलं होतं. सुनेने त्याच्याकडे नुसतं पाहिलं, त्याने मिटलं. वस्तादांना नेताना ती मुलं माझ्या पुढे चालत होती. सबंध रस्ताभर मी माझी ओळ वाचत गेलो.

नंतर मी एका मासिकात दुरुस्तीचं टिपण दिलं. ते छापलंही. पथकाच्या नव्या प्रमुखाला त्याची प्रत पाठवली. त्याने फोन करून फार आदराने सांगितलं, "सर, खूप इंटरेस्टिंग. पण आता ब्रँड झालाय ना तो."

कपाटातला तो घडीचा शर्ट मी अजून उलगडलेला नाही. कधी कधी सकाळी, घरात कुणी नसताना, दिवाणखान्यात उभा राहतो, छत्री समोर धरतो आणि मागे चालतो. डावं, चवडा आधी. उजवं, जरा बाहेर. मग बरगडीत कुणीतरी दाबावं म्हणून थांबतो. त्या दिवशी गटार उजवीकडे होतं की डावीकडे, म्हणजे गुडघा दाबला की त्या बाजूला वळायचं की उलट, हे विचारायचं राहून गेलं.

एकंदर पावलं अकरा. मला तीन येतात.